बारा थर

सुकन्यानं पहिल्या पानावरचा फोटो तिसऱ्यांदा लहान केला आणि खुर्चीमागं उभ्या असलेल्या वीरण्णांनी तो तिसऱ्यांदा मोठा करायला सांगितला.

फोटो त्यांच्या वडिलांचा, शंकरप्पांचा होता. कपाळावर विभूतीचे आडवे पट्टे, डोक्याला फेटा. भिंतीवरच्या फोटोचा मोबाइलवर फोटो काढलेला, त्यामुळे शंकरप्पांच्या छातीवर ट्यूबलाइटची पांढरी रेघ उमटली होती. अहवालाच्या पहिल्या पानावर कंपनीचं नाव असतं, वर्ष असतं, फार तर कारखान्याचं चित्र असतं, हे तिनं दोनदा समजावून सांगितलं होतं. वीरण्णांनी दोन्ही वेळा मान डोलावली होती.

"ते हाय बराबर," ते आताही म्हणाले. "पण आप्पांना जरा मोठं करा."

तिनं आप्पांना मोठं केलं. कंपनीचं नाव पानाच्या तळाशी जाऊन चेपलं. वीरण्णांना समाधान वाटलं असावं, कारण ते खिशातून सुपारी काढून तोंडात टाकत बाहेर आलेला ट्रक बघायला निघून गेले. सुकन्यानं लॅपटॉपवर बसलेली डाळीची पिवळी धूळ रुमालानं पुसली. रुमाल सकाळपासून चौथ्यांदा पिवळा झाला होता.

फाटकावरच्या पाटीवर 'वीरशंकर पल्सेस प्रायव्हेट लिमिटेड' असं लिहिलेलं होतं. आत लातूरच्या औद्योगिक वसाहतीतली एक डाळमिल, दोन गोदामं, चाळीसेक कामगार आणि दोन संचालक होते, वीरण्णा आणि त्यांचा मुलगा रुद्रेश. सुकन्याच्या मते हे विजेच्या मोटारीवर चालणारं किराणा दुकान होतं. हैदराबादच्या एका मोठ्या कंपनीला आपल्या नावाची तूरडाळ इथून तयार करून, पिशव्यांत भरून हवी होती. करार करण्याआधी त्यांनी कंपनीचा अहवाल मागितला होता: इतिहास, यंत्रं, मालाचा दर्जा, कामगार, सुरक्षितता, पुढचे बेत. रुद्रेशनं कुणाकडून तरी सुकन्याचा नंबर मिळवला आणि तिला दहा दिवस दिले.

सुकन्या चौतीस वर्षांची होती. पुण्यातल्या एका सल्लागार कंपनीत सहा वर्षं तिनं मोठमोठ्या उद्योगांचे अहवाल तयार केले होते. मग वडिलांना, शेषेरावांना, अर्धांगवायूचा झटका आला. आईला एकटीनं निभेना, म्हणून ती नांदेडला आली. वर्षभरात परत जाऊ म्हणता म्हणता चार वर्षं झाली. आता ती नांदेड-लातूरकडच्या लहान कंपन्यांचे अहवाल लिहून द्यायची आणि पुण्यातल्या जुन्या मैत्रिणींना फोनवर या लोकांच्या गमती सांगायची. एकाला संचालकांच्या यादीत कुलदैवताचं नाव हवं होतं. एकानं 'आगामी योजना' या मथळ्याखाली मुलीच्या लग्नाची तारीख लिहून पाठवली होती. मैत्रिणी खूप हसायच्या. फोन ठेवल्यावर मात्र आपण कुठं बसून बोलत होतो, हे तिच्या पुन्हा लक्षात यायचं आणि त्या लोकांचा आणखी राग यायचा.

तिच्याकडं एक मसुदा होता. त्यातलं नाव बदलायचं, गाव बदलायचं, यंत्रांची यादी बदलायची, की नवा अहवाल तयार. तेलमिल, पाइपचा कारखाना, दूध शीतकरण केंद्र, सगळे त्याच मसुद्यातून निघाले होते. एकदा दूध केंद्राचं 'जनावरांच्या आरोग्याची नियमित काळजी घेतली जाते' हे वाक्य पाइपच्या कारखान्याच्या अहवालात तसंच राहून गेलं. अहवाल छापला गेला, बँकेत गेला, मालकानं पेढे वाटले. त्या वाक्याबद्दल कुणी चकार शब्द काढला नाही. त्यानंतर तिनं छापण्याआधी मसुदा पुन्हा वाचणं सोडून दिलं.

रुद्रेश तिला बापापेक्षाही नकोसा वाटायचा. तो पुण्यात एमबीए करून आला होता. डाळीच्या धुळीत पांढरे बूट घालून फिरायचा आणि 'आपली स्टोरी', 'आपलं व्हिजन' असं बोलायचा. त्याच्या तोंडून तिला आपलेच शब्द ऐकू यायचे, पण स्वस्तात घेतलेले. इंटरनेटवरून उतरवलेली चाळीस पानं त्यानं तिला पाठवून ठेवली होती आणि अहवाल त्या धर्तीवर, इंग्रजीत हवा असं बजावलं होतं.

मराठी प्रतीचं काम वीरण्णांनी मागून वाढवलं.

"सही माझी ऱ्हाणार हाय," ते म्हणाले. "मग मला कळंल असं एक पाहिजे."

सुकन्यानं रुद्रेशकडं पाहिलं. रुद्रेशनं करून टाका, अशी खूण केली. तिनं इंग्रजी मजकूर संगणकाच्या भाषांतरात घातला, जे बाहेर आलं त्यातले चार-दोन शब्द सरळ केले आणि बत्तीस पानं तयार झाली. म्हातारा पहिल्या पानावर वडिलांचा फोटो बघेल, शेवटच्या पानावर आपली सही करील, मधली तीस पानं कुणाचीच नसतात, हे तिला अनुभवानं ठाऊक होतं.

मिल बघायची म्हणून तिनं एक दुपार दिली होती. मुकादम रामलिंग तिला घेऊन फिरला. तूर भिजवायची जागा, रोलर, रंगावरून दाणे निवडणारं यंत्र. तो एकेका यंत्राजवळ थांबून ते कधी आणलं, कोण शिकवायला आलं होतं, पहिल्या दिवशी काय बिघडलं, सगळं सांगायचा. ती यादीवर खुणा करत गेली. गोदामाकडं वळताना तिनं घड्याळ पाहिलं. नांदेडची गाडी निघायला तास राहिला होता.

"गोदाम राहू द्या," ती म्हणाली. "गोदामात काय बघायचं?"

रामलिंगनं मान हलवली आणि तिला फाटकापर्यंत सोडलं.

मराठी प्रत तिनं सोमवारी पाठवली. गुरुवारी सकाळी खुद्द वीरण्णांचा फोन आला. एकदा येऊन जा म्हणाले. काय बदलायचं ते फोनवरच सांगा, इथूनच करते, असं ती परोपरीनं म्हणाली. ते ऐकेनात. फोनवर होण्यासारखं नाही, एवढंच ते पुन्हा पुन्हा सांगत राहिले. तेव्हा ती चडफडत एसटीत बसली. लोहा गेलं, अहमदपूर गेलं, चाकूर गेलं. आप्पांचा फोटो या खेपेला किती इंच वाढणार आणि ते पुण्याला कोणत्या शब्दांत सांगायचं, याची ती वाटेत जुळवाजुळव करत होती.

वीरण्णा कार्यालयात एकटेच होते. रुद्रेश आडत बाजारात गेला होता. टेबलावर बत्तीस पानं रचलेली होती आणि पानांच्या कडेला पेन्सिलीच्या बारीक खुणा होत्या. वीरण्णांनी चष्मा लावला, बोट जिभेला लावून पान उलटलं आणि सुरुवात केली. चौथ्या पानावर रेणापूरमधला पू ऱ्हस्व पडला होता. सातव्या पानावर मिल सुरू झाल्याचं साल एकानं चुकलं होतं. सुकन्या माना हलवत खुणा करत होती. नवव्या पानावर त्यांचं बोट थांबलं.

"ही हप्त्याची डाळ कोणती, मॅडम?"

"कुठं?"

"हे बघा की. 'आमची हप्त्याची डाळ बाजारात प्रसिद्ध आहे.'"

तिनं वाकून पाहिलं. संगणकानं 'प्रीमियम' या शब्दाचा विम्याचा हप्ता केला होता. तिचे कान तापले. उत्तम प्रतीची डाळ असं म्हणायचं होतं, छपाईत चुकलं, असं ती म्हणाली. वीरण्णांनी पेन्सिलीनं शब्द खोडला आणि वर स्वच्छ अक्षरात 'उत्तम' लिहिलं. ते हसले नाहीत. हसले असते तर तिला बरं वाटलं असतं.

मग त्यांनी एकोणिसावं पान काढलं, ते टेबलावर तिच्याकडं फिरवून ठेवलं आणि उलट्या बाजूनंच वाचून दाखवलं, जणू पाठ होतं.

"'गेल्या पाच वर्षांत कंपनीच्या आवारात एकही अपघात घडलेला नाही. कामगारांची सुरक्षितता हे कंपनीचे सर्वोच्च मूल्य आहे.' हे तुम्हाला कुणी सांगितलं?"

कुणीच सांगितलं नव्हतं. ते वाक्य तेलमिलच्या अहवालात होतं, पाइपच्या कारखान्याच्या अहवालात होतं.

"असं सगळ्याच अहवालांत असतं, अण्णा."

"सगळ्याच कंपन्यांत कोणी मरत न्हाई?"

त्यांच्या आवाजात टोमणा नव्हता. बाजारभाव विचारावा तसं त्यांनी विचारलं होतं. मग काय झालं होतं ते त्यांनी स्वतःच सांगितलं.

दोन वर्षांपूर्वी असाच तुरीचा हंगाम होता. गोदाम भरलेलं, फाटकाबाहेर ट्रक उभे. पोत्यांची थप्पी बारा थरांपर्यंत लावायची पद्धत. त्याच्या वर गेली की ती कलते, हे कुठल्याही हमालाला माहीत असतं. वीरण्णांनी गोदामाच्या दारात उभं राहून सांगितलं, अठरा लावा. रामलिंग एकदा नको म्हणाला. दुसऱ्यांदा म्हणाला नाही. तिसऱ्या दिवशी दुपारी तळातलं एक पोतं फुटलं आणि थप्पी खाली आली. तिघं बाजूला उड्या मारून वाचले. रेणापूरकडचा साहेबराव नावाचा हमाल खाली सापडला. त्याला बाहेर काढायला वीस मिनिटं लागली आणि तोपर्यंत काढण्यासारखं काही राहिलं नव्हतं. कागदोपत्री मात्र असं लिहिलं गेलं की साहेबराव कुणी न सांगता थप्पीवर चढला आणि तोल जाऊन पडला. त्याच्या बायकोला, पंचशीलाला, भरपाई मिळाली. मिलमध्येच डाळ निवडायचं काम मिळालं. ती रोज सकाळी कार्यालयावरून जाते, पण या बाजूला बघत नाही.

सुकन्यानं ऐकून घेतलं. तिला वाईट वाटलं, पण त्याहून जास्त चीड आली. दोन वर्षं सुखानं जेवलेल्या माणसाला परक्या बाईला बसवून मन मोकळं करायचं होतं आणि त्यासाठी तिनं एसटीत साडेतीन तास घालवायचे होते. असल्या पश्चात्तापाला खर्च येत नाही, असं तिला वाटलं. तिनं पेन उचललं.

"मी ते वाक्य काढून टाकते," ती म्हणाली. "सुरक्षिततेबद्दल काहीच लिहायचं नाही. म्हणजे प्रश्नच मिटला."

"काढलं की खोटं ऱ्हात न्हाई?"

"नाही. आपण काही सांगितलं नाही, इतकंच."

वीरण्णांनी चष्मा काढला. शर्टाच्या टोकानं काचा पुसल्या.

"त्या बारीलाबी मी खोटं बोललो न्हाई, मॅडम. लिहिलेल्यावर नुसती सही केली."

तिनं पेन खाली ठेवलं. मग त्यांना स्पष्टच सांगितलं की हे असं अहवालात घातलं तर हैदराबादचं काम जाऊ शकतं. वीरण्णा म्हणाले, काम त्यांनाही पाहिजे होतं, गेलं तर चालंल असं ते म्हणतच नव्हते. पण त्यांच्या सहीच्या वर हे वाक्य नको आणि मोकळी जागाही नको. शेवटी तिनं लॅपटॉप उघडला.

"सांगा. तुमच्या शब्दांत."

ते सांगत गेले, ती लिहीत गेली.

'दोन वर्षांपूर्वी फेब्रुवारी महिन्यात आमच्या गोदामात पोत्यांची थप्पी पडून साहेबराव हे हमाल मरण पावले. थप्पी बारा थर लावायची असते. अठरा थर लावा असं मी सांगितलं होतं. साहेबरावांची चूक नव्हती. आता आमच्या गोदामात बारा थरांच्या वर थप्पी जात नाही.'

"खाली माझं नाव टाका," वीरण्णा म्हणाले.

पुण्यातल्या जुन्या सवयीनं तिनं मजकुरावरून पुन्हा नजर फिरवली. एकही शब्द बदलावासा वाटला नाही, आणि त्याचीही तिला चीड आली. बाहेर पडताना डाळ निवडायच्या शेडमध्ये तोंडाला फडकी बांधलेल्या पाच-सहा बायका ओळीनं बसलेल्या दिसल्या. त्यांतली पंचशीला कोणती, हे तिच्या ओठांवर आलं होतं. सोबत आलेल्या रामलिंगला तिनं गाडीची वेळ विचारली.

त्या संध्याकाळी पुण्याची मैत्रीण फोनवर आली. सुकन्यानं हप्त्याच्या डाळीची गोष्ट सांगायला घेतली आणि चूक कुणाची होती ते आठवून मध्येच सोडून दिली.

रुद्रेशला नव्या पानाची खबर दुसऱ्या दिवशी लागली. त्याचा फोन आला तेव्हा तो हलक्या आवाजात, अगदी समजूतदारपणानं बोलत होता. एक प्रत अण्णांसाठी, ते पान घातलेली. बाकीच्या सगळ्या प्रती त्या पानाशिवाय. दोन्ही शेजारी ठेवून कोण बघणार होतं?

"अण्णांना काय कळतंय, मॅडम," तो म्हणाला. "तुम्हाला तर माहीतच आहे ही माणसं."

ते तिला माहीत होतं. गेली चार वर्षं ती हेच वाक्य याच सुरात बोलत आली होती. बघते, असं म्हणून तिनं फोन ठेवला. त्या पानाचं इंग्रजीही या खेपेला तिनं स्वतः करून ठेवलं होतं. दोन्ही मजकूर तयार होते, हवा तो पाठवायचा एवढंच काम. शेजारच्या खोलीत आई शेषेरावांना चमच्यानं पेज भरवत होती आणि ते ती अर्धी बाहेर सांडत होते. सुकन्या थोडा वेळ तो आवाज ऐकत बसली. मग तिनं ते पान असलेला मजकूर छापखान्याला पाठवून दिला. रुद्रेशला काही कळवलं नाही. कळवायची गरजही पडली नाही. छापून आलेल्या प्रती त्यानं स्वतः उचलल्या, कागद आणि मुखपृष्ठ फार छान झाल्याचा निरोप तिला पाठवला आणि एकही पान उलटून पाहिलं नाही.

पुढच्या आठवड्यात हैदराबादहून दोघं आले. एक पन्नाशीचे साहेब आणि त्यांच्यासोबत टॅबलेट घेतलेली एक तरुण मुलगी. काही विचारलं तर असाव्यात म्हणून रुद्रेशनं सुकन्यालाही बोलावून घेतलं होतं. वीरण्णा इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून, हात गुडघ्यांवर ठेवून बसले होते. चार दिवसांपासून अण्णा आपल्याकडून हिंदी वाक्यं घोटून घेत होते, असं रामलिंगनं तिला फाटकातच सांगितलं होतं.

साहेबांनी अहवाल हातात घेतला, अंगठ्यानं पानं फरफर सोडली आणि तारीफ केली.

"बहुत अच्छा बनाए. मैं पूरा पढ़ा."

मग त्यांनी कामगार किती आहेत ते विचारलं. ते दुसऱ्या पानावर होतं. निवडायच्या यंत्रातून तासाला किती माल निघतो ते विचारलं. ते अकराव्या पानावर होतं. रुद्रेश उत्साहानं सगळं सांगत होता. दर वेळी साहेबांचा हात अहवालाकडं गेला की वीरण्णांची नजर त्या हातावर जायची. हात परत आला की ते पुन्हा गुडघ्यांकडं बघायचे. पाऊण तास असा गेला. रुद्रेशनं कराराचा कागद काढला. हॉटेलात जेवण सांगून ठेवलंय, असंही म्हणाला. चहा आला. साहेबांनी अहवाल मिटला आणि त्यावर चहाचा कप ठेवला.

वीरण्णांचे खांदे खाली आलेले सुकन्याला दिसले. माणूस सुटला होता. सुटल्यावर त्यांनी पहिल्यांदा तिच्याकडं पाहिलं आणि लगेच नजर दुसरीकडं वळवली.

तिला सगळ्यांचीच शिसारी आली. न वाचता वाचलं म्हणणाऱ्या साहेबांची, कराराच्या कागदावरून बोट फिरवणाऱ्या रुद्रेशची, इतक्या लवकर निश्चिंत झालेल्या म्हाताऱ्याची. त्या ओळीत आणखी एक खुर्ची होती आणि तिच्यावर ती स्वतः बसलेली होती. ती उठली. अहवालावरचा कप तिनं उचलून बाजूला ठेवला, एकोणिसावं पान उघडलं आणि अहवाल साहेबांकडं फिरवला.

"सर, यह पन्ना रह गया."

रुद्रेशनं मान पुढं करून पान बघितलं. मग तिच्याकडं बघितलं. त्याचा चेहरा हळूहळू उतरत गेला. साहेबांनी खिशातून चष्मा काढून लावला आणि ओठ हलवत वाचलं. वाचून झाल्यावर पुन्हा वाचलं. मग पान शेजारच्या मुलीकडं सरकवलं.

"अठारह लगाने को कौन बोला था?"

"मैं बोला," वीरण्णा म्हणाले. घोटलेली वाक्यं कुठं गेली कोण जाणे, हे दोनच शब्द उरले होते.

साहेबांनी त्यांच्याकडं थोडा वेळ पाहिलं. त्या नजरेत राग नव्हता, कौतुकही नव्हतं. मग ते खुर्ची मागं सारून उभे राहिले.

"चलो, गोदाम देखेंगे."

तिथं फार धूळ आहे, जेवण थंड होईल, जेवून निवांत बघू, असं रुद्रेश घाईघाईनं सांगू लागला. तोपर्यंत साहेब दाराबाहेर पडले होते.

वीरण्णा सगळ्यांच्या पुढं चालत होते. गोदामाच्या दाराशी आल्यावर ते थांबले आणि मागून येणारे सगळेच थांबले. दोन वर्षांत अण्णा या दारातून आत आले नव्हते, हे रामलिंगनं सुकन्याला नंतर सांगितलं. त्या क्षणी तिला एवढंच दिसलं की म्हाताऱ्यानं चौकटीला हात लावला, जणू देवळाची असावी, आणि पाय आत टाकला.

आत अंधार होता आणि तुरीचा उग्र वास. वरच्या झरोक्यांतून उन्हाचे तिरपे पट्टे उतरले होते. बाहेर ट्रक उभे होते. पाठीवर पोती घेतलेले हमाल जागच्या जागी थांबले. 'सुसज्ज व प्रशस्त साठवण व्यवस्था' असं सुकन्यानं ज्या जागेबद्दल लिहिलं होतं, ती जागा ती आज पहिल्यांदाच बघत होती. तिनं मान वर केली. मग रामलिंगकडं पाहिलं. रामलिंग आपल्या पायांकडं बघत होता. रुद्रेशनं मोबाइल काढला होता, पण त्याचा पडदा विझलेलाच होता.

"ये कितना है?" साहेबांनी समोरच्या थप्पीकडं बोट करून विचारलं.

ते उभे होते तिथून थप्पीचं वरचं टोक नीट दिसतही नव्हतं, उन्हाचा पट्टा मध्येच संपत होता.

वीरण्णा थप्पीजवळ गेले. तळातल्या पोत्यावर बोट ठेवून त्यांनी मोजायला सुरुवात केली. बाजारात माप घालताना एक म्हणत नाहीत, तशी जन्माची सवय तोंडातून आली.

"लाभ. दोन. तीन."

बोट वर जात होतं. हात पुरेनासा झाला तेव्हा ते दोन पावलं मागं सरले आणि हवेतच बोट धरून मोजत राहिले. दहा. अकरा. बारा. तिथं आवाज थांबला. बोट तसंच वर राहिलं. साहेब वाट बघत होते. त्यांना बारा हा आकडा समजला होता, तो अहवालात होता, आणि म्हातारा इथं थांबला असता तर जेवायला उशीर होण्याचं काही कारण नव्हतं.

"तेरा," वीरण्णा म्हणाले.

हमालांपैकी कुणीतरी खांद्यावरचं पोतं खाली टेकवलं.

"चौदा."

सुकन्यानं हातातली आपली प्रत उघडली आणि एकोणिसाव्या पानावरचं शेवटचं वाक्य शोधलं. त्यातला 'बारा' खोडण्यासाठी तिनं पेनाचं टोपण काढलं आणि नवा आकडा काय लिहायचा, ते ऐकत उभी राहिली.